आमची वाडी गावात मिसळून मोजू नका

प्रति,
जनगणना २०२७चं काम पाहणारे अधिकारी, तसंच जिल्ह्याचं नियोजन करणारे सर्व अधिकारी यांस

विषय : कोयना धरणाच्या शिवसागर जलाशयाच्या काठावरच्या वाड्यांची लोकसंख्या आणि जागा स्वतंत्र नोंदवण्याबाबत

स. न. वि. वि.

पत्र खुलं लिहितोय, कारण बंद पाकिटातल्या अर्जांचं काय होतं ते आम्ही बघितलंय. मध्यंतरी वाडीच्या रस्त्यासाठी आम्ही एका कचेरीत अर्ज दिला. उत्तर आलं, हेच विशेष. उत्तराचा मथितार्थ असा, की आपलं महसुली गाव बारमाही रस्त्यानं जोडलेलं आहे, आपली वाडी त्या गावात मोडते, सबब आपली वाडी जोडलेली आहे. हे पत्र घेऊन येणारा माणूस वाडीत होडीतून उतरला. त्याची चप्पल चिखलात रुतली, ती काढून दिल्यावर त्यानं आम्हाला आम्ही रस्त्यानं जोडलेले असल्याचा कागद दिला.

उत्तर लिहिणाऱ्या साहेबांवर माझा राग नाही. त्यांच्यासमोरच्या तक्त्यात आमचं गाव होतं, त्यापुढे २०११ची लोकसंख्या होती, रस्त्याच्या रकान्यात ‘आहे’ होतं. वाडी कुठंच नव्हती. नसलेल्या वाडीला रस्ता कसा देणार? म्हणून हे पत्र रस्त्याचं खातं सोडून आपल्याला लिहितोय. तो तक्ता ज्या आकड्यांवर उभा आहे, ते आकडे आपण गोळा करणार आहात. सोळा वर्षांनी ती संधी आली आहे, आणि ती हुकली तर पुढच्या जनगणनेपर्यंत आमच्यापैकी किती उंबरे उघडे असतील ते सांगता येत नाही.

माझ्याविषयी थोडक्यात. जन्म याच काठावरचा, पाणी चढल्यानंतरचा. शाळा चौथीपर्यंत इथं, पुढची मुंबईत रात्रशाळेत. सगळी उमर माथाडी म्हणून पाठीवर पोती वाहिली. जावळी, पाटण, महाबळेश्वर या तालुक्यांतल्या हजारो घरांची हीच कथा आहे, त्यात माझं काही निराळं नाही. निवृत्त झाल्यावर मुलांनी खोलीतच राहायचा आग्रह केला, पण मी परत आलो. आता वाडीतल्या लोकांचे अर्ज लिहून देतो. वाडीचं नाव मात्र इथं मुद्दाम लिहीत नाही. नाव लिहिलं की हा एका वाडीचा अर्ज होईल, त्याला आवक क्रमांक पडेल आणि बाकीच्या वाड्या पुन्हा बाहेर राहतील.

आधी आमचा भूगोल सांगतो. तो समजल्याशिवाय पुढचं गाऱ्हाणं समजणार नाही.

कोयना महाबळेश्वरात उगम पावते आणि दोन डोंगररांगांच्या मधून जवळजवळ सरळ दक्षिणेला जाते. पश्चिमेला सह्याद्रीची मुख्य धार, तिच्या खाली कोकण. पूर्वेला कास-बामणोलीची रांग, तिच्यापलीकडे सातारा. हेळवाकपाशी नदी पूर्वेला वळते आणि कऱ्हाडला कृष्णेला मिळते. त्या वळणाजवळ धरण बांधलं आणि १९६०च्या दशकाच्या सुरुवातीला पाणी मागे चढत आलं, ते तापोळ्याच्याही वर. जलाशयाची लांबी पन्नास किलोमीटरच्या आसपास. रुंदी मात्र बेताची. कोयनेला सोळशी आणि कांदाटी या नद्या येऊन मिळत होत्या, त्यांच्या खोऱ्यांतही पाणी आत शिरलं. जिथं जिथं ओढा होता, तिथं तिथं पाण्यानं डोंगरात एकेक बोट घातलंय. दोन बोटांच्या मध्ये डोंगराची सोंड आणि सोंडेवर एखादी वाडी, असा सगळा काठ आहे.

आता मुद्द्याची गोष्ट. या वाड्या मुळात वाड्या नव्हत्या. खाली नदीकाठी गाव होतं, भातखाचरं होती, देऊळ होतं. पाणी आलं तेव्हा काही लोक रायगड, ठाणे, सोलापूर, सांगलीकडे गेले. त्या काळी विस्थापितांसाठी कायदाच नव्हता. महाराष्ट्राचा पहिला पुनर्वसन कायदा १९७६चा, म्हणजे आमचं गाव बुडून दशक उलटल्यावरचा. ज्यांना जायचं नव्हतं, किंवा जिथं पाठवलं तिथं निभावलं नाही, ते वर सरकले. कुणी या सोंडेवर घर बांधलं, कुणी त्या, कुणी पार समोरच्या काठावर. गावाचे असे तीन-चार तुकडे झाले. कागदावर गाव एकच राहिलं, कारण महसुली गावाची हद्द धरणाच्या आधीची. त्या हद्दीच्या मधोमध आज पाणी उभं आहे.

आमचा तुकडा त्यातला सगळ्यात लहान. चौदा उंबरे, त्यातले नऊ उघडे. माणसं एकतीस. त्यात साठीच्या पुढची सतरा, शाळेच्या वयाची पाच, आणि बाकीची आपल्यासारख्यांना ‘कार्यक्षम वयोगट’ म्हणता येईल अशी, जरी त्यातल्या दोघांना गुडघ्यांनी सोडलंय. वाडीच्या खाली पाणी, मागे अभयारण्याचं रान. नाचणी, वरी, थोडं भात, दहा-बारा जनावरं. गवे आणि रानडुकरं पिकात वाटा घेतात. एक झरा आहे, तो एप्रिलअखेर आटतो. मग खाली जलाशयावर जावं लागतं, आणि इथं आमच्या भूगोलातली गंमत सुरू होते.

हा तलाव बारा महिने एका जागी नसतो. ऑगस्टमध्ये पाणी शेवटच्या घराच्या गोठ्यापर्यंत येतं. मे महिन्यात ते उतरत उतरत इतकं खाली जातं, की धक्का कोरड्यावर राहतो आणि होडीपर्यंत जायला गाळातून वाट तुडवावी लागते. मुख्य गाव समोर दिसतं. कोंबडा आरवला तर ऐकू येतो. भर पाण्यात होडीनं दहा मिनिटं. पण पाऊस-वाऱ्यात होडी घालता येत नाही, आणि उन्हाळ्यात घालून उपयोग नसतो, कारण दोन्हीकडे चिखल. मग पाण्याच्या बोटाला वळसा घालून रानातून जावं लागतं. अडीच तास, धडधाकट माणसाला. पावसाळ्यात मधला ओढा भरला की तेही नाही. आपल्या नकाशावर मात्र अंतर एक किलोमीटरच्या आत भरतं, कारण पट्टी पाण्यावरून सरळ जाते.

या काठाची मोजमापं होत नाहीत, असं कुणी म्हणू नये. धरणाची साठवण १०५.२५ टीएमसी, म्हणजे अब्ज घनफूट. पावसाळ्यात आज किती टीएमसी पाणी आहे, किती आवक, किती विसर्ग, दरवाजे किती फुटांनी उचलले, हे रोज पेपरात येतं, दशांश चिन्हानंतर दोन आकड्यांपर्यंत. बोगद्यांतून पाणी पश्चिमेला पोफळीकडे उतरतं, त्यावर १९६० मेगावॉटचा वीजप्रकल्प चालतो, त्याचा हिशेब युनिटमध्ये होतो. भूकंपाचे धक्केही मोजले जातात. ११ डिसेंबर १९६७च्या पहाटेनंतर तर आमच्या पायाखाली काय हललं ते आमच्याआधी वेधशाळेला कळतं. फक्त काठावरच्या अमुक वाडीत माणसं किती, हे मोजून वेगळं लिहिलेलं मला कुठं सापडलेलं नाही.

आपल्या पद्धतीचं मला जेवढं कळतं, ते असं. ग्रामीण भागात जनगणनेचं एकक म्हणजे महसुली गाव. मोजणीसाठी साधारण सातशे-आठशे लोकांचा एक गट पाडतात. प्रगणक वाडीवाडीत फिरतो, नजरी नकाशात घरंही दाखवतो. म्हणजे मोजताना आम्ही असतो. छापताना नसतो. प्रसिद्ध होतो तो गावाचा एकच आकडा, त्यात सगळ्या वाड्या विरघळलेल्या. याच पद्धतीत ज्या गावात एकही माणूस राहत नाही, त्या निर्जन गावाला मात्र स्वतःचा कोड मिळतो, स्वतःची ओळ मिळते, आणि त्या ओळीत शून्य छापलं जातं. महाराष्ट्रात अशी गावं अडीच हजारांहून जास्त आहेत. त्यांच्याबद्दल आकस नाही. पण शून्य माणसांना एक ओळ आणि एकतीस माणसांना एकही नाही, याचं समर्थन मला कुणी समजावून द्यावं.

आता या मिसळण्याचे परिणाम.

पहिलं रस्त्याचं. पंतप्रधान ग्रामसडक योजनेचं मार्गदर्शन वाचून बघितलं. त्यात एकक गाव नाहीच, ‘वस्ती’ आहे. वाडी, पाडा, टोला सगळं त्यात धरलंय. अंतरही पाऊलवाटेनं मोजायचं म्हटलंय. ज्यानं हे लिहिलं त्यानं डोंगर पाहिलेला असणार. पण वस्तीची लोकसंख्या घ्यायची कुठून? तर जनगणनेवरून, आणि जनगणनेत वस्तीचा वेगळा आकडा छापलेला नाही. मग खालच्या पातळीवर कुणीतरी अंदाज लिहितं, किंवा सगळं गावात घालून मोकळं होतं. शिवाय उंबरठा सपाटीला ५०० माणसांचा आणि डोंगरी राज्यं, वाळवंटी, आदिवासी भाग वगैरे खास यादीला २५०चा. आमचा सातारा जिल्हा त्या खास यादीत बसत नाही. म्हणजे सह्याद्रीच्या कुशीत, पाच-सहा हजार मिलिमीटर पावसात राहून आम्ही हिशेबापुरते सपाटीवरचे. हा उंबरठा आपल्या हातात नाही हे ठाऊक आहे. एकतीस माणसांना तो कुठल्याच बाजूनं पार होणार नाही, हेही ठाऊक आहे. पण एका सोंडेवर लागोपाठ असलेल्या तीन-चार वाड्या मिळून एक पायवाट पक्की करा, एक साकव द्या, असं मागायचं तरी हातात वाडीवार आकडा लागतो. तो नसल्यानं आम्हाला ‘जोडलेले’ म्हणतात.

शाळेचं त्याहून नाजूक. पहिली ते पाचवीची शाळा घरापासून एक किलोमीटरच्या आत असावी, असं शिक्षण हक्काचे नियम सांगतात. आमच्या पाच पोरांची शाळा एक किलोमीटरच्या आतच आहे, पाण्यापलीकडे. सप्टेंबर २०२३मध्ये वीसपेक्षा कमी पटाच्या शाळांऐवजी समूह शाळा करण्याचा विचार पुढे आला, तेव्हा पानशेतचं उदाहरण दिलं गेलं. तिथल्या मुलांना वाहनानं नेता येतं, चांगलंच आहे. इथं वाहन म्हणजे होडी, आणि जुलैच्या वाऱ्यात सहा वर्षांचं पोर होडीत घालायला आपण तयार व्हाल का? दोन घरांनी त्यावर आपल्यापुरता तोडगा काढला : पोरांना घेऊन आया कोपरखैरण्याला गेल्या. पट आणखी घटला. आता पटाकडे बोट दाखवून सांगतील की वाडीत मुलं नाहीत.

आरोग्याबद्दल फार लिहीत नाही. डोंगरी भागात तीन हजार लोकांमागे एक उपकेंद्र, हा निकष. तीन हजार माणसं जमवायला आमच्याकडे किती सोंडा आणि किती बोटं ओलांडावी लागतील, ते आपणच मोजा. आशाताईंसाठी मात्र नियमात वाट ठेवलेली आहे. हजार लोकसंख्येमागे एक आशा असली, तरी डोंगरी भागात वस्तीमागे एक नेमता येते. पण ती सवलत मागायला आधी वस्ती कागदावर लागते. तोवर आजारी माणसाला बांबूला झोळी बांधून चार जणांनी न्यायचं, आणि वाडीत उचलणारे चार खांदे एका वेळी हजर असतीलच असं नाही.

यापुढचा मुद्दा मी सगळ्यात गंभीर मानतो. १९ जुलै २०२३च्या रात्री रायगड जिल्ह्यातली इर्शाळवाडी दरडीखाली गेली. सत्तावीस मृतदेह सापडले, सत्तावन्न माणसं बेपत्ताच राहिली. त्यानंतर सरकारनंच विधिमंडळात सांगितलं, की ही वाडी दरडप्रवण ठिकाणांच्या यादीत नव्हती. वाडीत एकूण माणसं किती, किती घरी होती, किती बाहेरगावी, हे ठरवण्यातच पहिले दिवस गेले. २०२१च्या जुलैत आमच्या शेजारच्या पाटण तालुक्यात आंबेघर, मिरगावला दरडी कोसळल्या, तेव्हा आमच्याकडचे रस्तेही जागोजाग तुटले होते. यादी गावांची आणि दरड वाडीवर, असं डोंगरात नेहमीच होणार, कारण गावठाण बहुधा बऱ्या जागी असतं आणि मागाहून सरकलेल्या वाड्या मिळेल त्या उतारावर. माझ्या वाडीच्या मागचा कडाही मला काही पक्का वाटत नाही. तो ढासळला तर शोध घेणाऱ्यांकडे निदान खरा आकडा असावा. एवढं मागणं फार आहे?

मुंबईकरांचा प्रश्न जरा गुंत्याचा आहे. लोकसंख्येची मोजणी फेब्रुवारी २०२७मध्ये होणार आणि संदर्भाचा क्षण १ मार्चच्या मध्यरात्रीचा. फेब्रुवारीत आमची कर्ती माणसं वाशीच्या बाजारात असतात. ती तिथं मोजली जावीत, ती तिथंच राहतात, यात वाद नाही. फसवून आकडा फुगवायचा नाही आम्हाला. पण यात्रेला, शिमग्याला, गणपतीला हीच वाडी तिप्पट होते. तेव्हा पाणी, दवाखाना, होडी सगळं तिप्पट लागतं. या माणसांची घरं बंद असतात, ओसाड नसतात. जनगणनेत ‘रिकामं’ घर आणि ‘वापरातलं पण कुलूपबंद’ घर असा फरक केलेला असतो. प्रगणकानं घाईत पाचही कुलपांपुढे ‘रिकामं’ लिहिलं, की वाडी ओसाड होत चालल्याचा पुरावा तयार. असा पुरावा या खोऱ्यात फार महाग पडतो. एकीकडे व्याघ्र प्रकल्प आहे, दुसरीकडे नवीन महाबळेश्वरचा आराखडा, जो सुरुवातीलाच २३५ गावांवर पसरला. वाघ यावेत, पर्यटक यावेत, दोघांनाही नाही म्हणणारा मी कोण! फक्त कुणाच्याही नकाशावर आमची सोंड मोकळी जागा म्हणून रंगवली जाऊ नये.

काही जण म्हणतील, एकतीस माणसांसाठी एवढं? खाली या, सरकार घर देईल. ज्यांना जायचं ते गेले, आणखीही जातील, त्यांना सन्मानानं जाऊ द्यावं. पण आमच्या आधीच्या पिढीला एकदा हलवून झालंय. त्या पाण्यावर दिवे लागले, कारखाने चालले, आणि वर सरकलेल्या माणसाला ‘तू इथं का राहतोस’ असं विचारायचं, हे बरोबर नाही. शिवाय आम्ही इथं जास्त काही मागतच नाही. एकतीसचे बत्तीस लिहा, असं म्हणत नाही. एकतीस लिहा, पण वेगळे लिहा.

दुसरी हरकत गोपनीयतेची येईल. इतक्या लहान वस्तीचा आकडा छापला तर माणसं ओळखू येतील. यावर माझं उत्तर सोपं आहे. आमच्याहून कमी वस्तीची महसुली गावं जनगणनेच्या तक्त्यात आहेत, त्यांचे आकडे आजवर छापले गेलेच. जात, उत्पन्न, कुटुंबाचा तपशील छापू नका. १९४८चा जनगणना कायदा व्यक्तीची माहिती गुप्त ठेवायला सांगतो, ती गुप्तच राहू द्या. घरं किती आणि माणसं किती, एवढंच द्या.

तिसरी हरकत मला स्वतःलाच सुचली, म्हणून आधीच निकालात काढतो. प्रशासकीय हद्दी १ जानेवारी २०२६पासून ३१ मार्च २०२७पर्यंत गोठवलेल्या आहेत, आता नवं महसुली गाव करता येणार नाही, असं आपण सांगाल. मान्य. आम्ही आज नवं गाव मागत नाही. गावाच्या आकड्याच्या पोटात वाडीवार आकडे मागतो. त्यासाठी कुठलीही हद्द हलवावी लागत नाही.

तेव्हा आमच्या मागण्या अशा :

१. प्रगणकाच्या नोंदीत आणि नजरी नकाशात प्रत्येक वाडी तिच्या प्रचलित नावानं लिहावी. नाव पोलीस पाटील किंवा कोतवालाला विचारून पक्कं करावं, कारण कागदावर आमच्याच वाडीची नावं दोन-तीन तऱ्हेनं फिरतात.

२. जिल्हा जनगणना पुस्तिकेत महसुली गावाच्या ओळीखाली वाडीवार घरं आणि लोकसंख्या छापावी. सगळ्या देशासाठी एकदम जमत नसेल, तर धरणांच्या पाण्यानं तुटलेल्या गावांपासून सुरुवात करावी. कोयनेनंतर वरसगाव, पानशेत, भंडारदरा, इथंही पाण्यापलीकडे माणसं राहतात.

३. या वेळी घरांची जागा नकाशावर टिपली जाणार आहे, असं जाहीर झालंय. ते टिपण प्रत्यक्ष वाडीत जाऊनच व्हावं. समोरच्या धक्क्यावर उभं राहून ‘ती बघा वाडी’ म्हणत टिपलेलं घर पाण्यात पडेल.

४. सुविधांच्या तक्त्यात शाळा, दवाखाना, रस्ता यांचं अंतर वाडीपासून आणि पायवाटेनं लिहावं. जिथं पाणी ओलांडावं लागतं, तिथं तसा शेरा हवा, आणि पावसाळ्यात व उन्हाळ्यात वाट वेगळी असेल तर दोन्ही. गावातल्या एका वाडीत सोय आहे म्हणून अख्ख्या गावापुढे ‘आहे’ लिहू नये.

५. बंद घर शेजाऱ्याला विचारल्याशिवाय ‘रिकामं’ लिहू नये.

६. काठावरच्या वाड्यांसाठी प्रगणक म्हणून खोऱ्यातलेच शिक्षक किंवा कर्मचारी नेमावेत आणि त्यांच्या होडीचं भाडं आधी मंजूर करावं. आधी, असं मुद्दाम लिहितोय. भाडं नंतर मिळेल म्हटलं की मोजणी धक्क्यावर बसून होते. मोबाइलला रेंज नसताना नोंद कशी करायची, तेही त्यांना आधी शिकवून पाठवावं.

७. जिल्हा प्रशासनानं वाडीवार आकडे हाती आल्यावर दरडप्रवण ठिकाणांची यादी वाड्यांच्या पातळीवर नव्यानं तपासावी.

८. ३१ मार्च २०२७ला हद्दी मोकळ्या झाल्यावर, पाण्यानं कायमच्या तुटलेल्या वाड्यांना महाराष्ट्र जमीन महसूल संहिता १९६६च्या कलम ४ खाली स्वतंत्र महसुली क्षेत्र करता येईल का, याचा विचार करावा. ग्रामसभांचे ठराव आम्ही तोवर करून ठेवतो.

या पत्राची प्रत आम्ही आमच्या ग्रामपंचायतीला आणि आजूबाजूच्या वाड्यांना देत आहोत. कांदाटी, सोळशी आणि कोयना या तिन्ही खोऱ्यांतल्या वाडीकरांना विनंती, की प्रगणक येण्याची वाट न बघता आपापल्या वाडीचा उंबरेवार आकडा, बंद घरांच्या मालकांची मुंबईतली चौकशी आणि वाटेची वेळ एका वहीत आत्ताच लिहून ठेवा. प्रगणक आला की वही त्याच्यापुढे ठेवायची. मोजणार तोच, पण चुकला तर दाखवायला आपल्याकडे कागद हवा.

आणि जे कुणी आमच्याकडे मोजायला याल, त्यांच्यासाठी : फेब्रुवारीत पाणी बरं असतं, होडी थेट लागते. सकाळी दहाच्या आत निघा, दुपारी वारा उठतो. जेवण वाडीत आहे.

कळावे,

शिवसागराच्या पश्चिम काठावरच्या एका वाडीचा रहिवासी
(वाडीतल्या सर्व नऊ उघड्या घरांच्या आणि मुंबईहून कळवलेल्या पाच बंद घरांच्या वतीने)